शेवटच्या बादलीतला दगड

४ सप्टेंबर १९७६, शनिवार

आज मी इतिहासकार झालो. दुपारी क्लबात फासे खेळत होतो आणि हरत होतो, तेवढ्यात महोत्सव समितीची मंडळी टेबलाभोवती येऊन उभी राहिली. म्हणाली, "थेमेलिस, लास्ट बकेट गावाला पन्नास वर्षं होतायत. तेवीस ऑक्टोबरला सोहळा आहे. गावाच्या इतिहासावर भाषण तू करायचंस." मी म्हटलं, मीच का? तर म्हणे तुझा आवाज मोठा आहे, आणि तू तसाही गाव सोडून चाललायस, काही चुकीचं बोललास तर निस्तरायला आम्ही आहोत. एवढा मान मला कालिम्नोस बेटावर कुणी दिला नव्हता. तिथं मी समुद्रात बुड्या मारून स्पंज काढायचो आणि मला सगळे 'ए' म्हणायचे.

जाणार आहे हे खरं. जूनमध्ये माझ्या खाणीच्या खड्ड्यातल्या शिडीवरून पडलो, गुडघा फुटला आणि दिवसभर तळाशी पडून राहिलो. शेवटी शेजारच्या झोर्कानं शोधून काढलं. सकाळी भिंतीतून माझा खोकला ऐकू आला नाही म्हणून ती निघाली म्हणे. दोर आणि शिव्या, दोन्ही भरपूर घेऊन आली होती. तेव्हापासून माझी लेक सेव्हास्ती हट्टाला पेटली आहे. ॲडलेडला तिनं घरामागं माझ्यासाठी खोली बांधली. खोलीला मोठी खिडकी आहे आणि सकाळचं ऊन थेट पलंगावर येतं, असं ती कौतुकानं सांगते. ऊन अंगावर घ्यायला मी काय वाळत घातलेली मासळी आहे? पण शब्द दिलाय. सोहळा झाला की जायचं.

घराला गिऱ्हाईकही आलं. एबरहार्ट नावाचा जर्मन. त्याला टेकडीच्या पोटातल्या आमच्या घरांचं हॉटेल काढायचंय. अट एकच, अजून एक खोली हवी. म्हटलं, त्यात काय, भिंत आहे आणि टिकाव आहे. तसं गावाच्या हद्दीत ओपल रत्नासाठी खणायला कायद्यानं बंदी आहे, पण स्वतःच्या घराला खोली वाढवायला बंदी नाही. त्यामुळे आमच्या गावात एकेकट्या माणसाचं घर नऊ खोल्यांचं असतं आणि त्याला दहावीची नड असते.

९ सप्टेंबर, गुरुवार

खोली सुरू केली. एका बाजूला रस्ता, दुसऱ्या बाजूला जुना खड्डा, तेव्हा उरली ती झोर्काची बाजू. तिच्या आणि माझ्या घरामध्ये टेकडीचा जेमतेम एक पदर आहे. खाणखात्याचा साहेब तपासणीला आला तेव्हा मी धुळीनं गुलाबी झालो होतो.

"हे काय?"

"कोठीघर."

"मागच्या वर्षीही कोठीघर होतं."

"भूक वाढलीये, साहेब."

त्यानं टोपी काढून डोकं खाजवलं आणि गेला. त्याच्या स्वतःच्या घरात चार कोठीघरं आहेत.

संध्याकाळी इतिहास. क्लॅरी डॉसन हा पहिल्या तांड्यातला एकटाच उरलाय. कानानं ठार बहिरा, त्यामुळे मुलाखत घ्यायला सोपा, प्रश्नच विचारावे लागत नाहीत. त्यानं सांगितलेलं असं: पहिल्या महायुद्धातून परतलेले शिपाई इथं आले. खंदकात राहायची सवय होती म्हणून घरंही जमिनीखाली खणली. मग सव्वीस सालचा दुष्काळ. उंटांवरून येणारं पाणी बंद झालं. सगळ्यांनी बाडबिस्तरा बांधला. निघताना कुणीतरी सवयीनं खड्ड्यातली शेवटची बादली वर ओढली आणि तिच्यात ओपल! लाल, हिरवा, पेटलेला! मग कोण जातंय? पाण्याविना आठवडा काढला, पाणी आलं, आणि गावाला नाव पडलं लास्ट बकेट.

"केवढा होता दगड?" मी हातानं खुणा करून विचारलं.

"अंड्याएवढा!"

मागच्या ख्रिसमसला लिंबाएवढा होता. क्लॅरी आणखी दहा वर्षं जगला तर तो दगड बादलीत मावणार नाही.

त्याआधी इथं कुणीच नव्हतं का, असं कानात ओरडून विचारलं. तर म्हणाला, "होते की! हजारो वर्षं होते. आम्हाला पाणी कुठं आहे ते त्यांनीच दाखवलं." मग गाव त्यांनी वसवलं म्हणू का? "छे," क्लॅरी म्हणाला, "ते शहाणे. ते इथं मुक्काम करत नसत." हे मी भाषणात घेणार आहे.

१२ सप्टेंबर, रविवार

झोर्का सारमा घेऊन आली. कोबीच्या पानात खिमा आणि भात गुंडाळून शिजवतात ते. माझी बायको कालोतिना द्राक्षाच्या पानात करायची आणि ते शंभर पटीनं चांगलं असायचं, हे मी झोर्काला गेली वीस वर्षं प्रत्येक वेळी सांगतो आणि भांडं पुसून परत देतो.

तिनं खोली बघितली.

"ही खोली? इथं बोकड उभा राहणार नाही."

"जर्मनाला चालेल."

तिनं भिंतीवर हात फिरवला. "ही माझी बाजू, थेमेलिस. असाच खणत राहिलास तर माझ्या पलंगापाशी निघशील."

"तुझ्या पलंगापाशी यायचं असतं तर केव्हाच आलो असतो, दारानं."

यावर तिनं झाकणानं माझ्या पाठीत दिलं. मग ते झाकण पुन्हा भांड्यावर बसवलं.

"मग जाणार नक्की?"

"शब्द दिलाय पोरीला."

"आणि रंग दिसला तर?"

"रंग दिसला तर?" मी हसलोच. "भिंतीत ओपलचा रंग सोडून कुठला खाणकरी गेलाय? पाय धरून ओढत न्यावं लागेल मला!"

ती मान हलवत उभी राहिली. जाताना विचारलं, "उद्या दुपारी क्लबात जातोस ना?" मी म्हटलं, रोजच जातो, उद्याच काय विशेष. तशी म्हणाली, "नाही, सहज."

१३ सप्टेंबर, सोमवार

रंग!!!

क्लबातून आलो, टिकाव उचलला, चौथा घाव, आणि भिंत डोळा मिचकावून गेली. हिरवा! मग निळा! मग कडेला लालचुटूक! मी टिकावाचं चुंबन घेतलं. मग दगडाचं. मग मागं सरताना बादलीत पाय गेला आणि बादलीसकट नाचलो. गुडघ्यानं चकार शब्द काढला नाही.

तसाच पोस्टात धावलो आणि सेव्हास्तीला फोन लावला.

"बाबा, केवढा आहे?"

"नखाएवढा."

"बाबा!"

"आज नखाएवढा. याच्या मागं याची आई असणार, आजी असणार, सगळं कुटुंब असणार! जर्मनाला थोडं थांबायला सांगावं लागेल."

फोन ठेवून वळलो तर पोस्टात अर्धं गाव. सगळे म्हणाले, "काय थेमेलिस, कोठीघरात काय मिळालं?" मी म्हटलं, "उंदीर." पण माझं तोंड मला मिटता येत नव्हतं.

झोर्काला सांगायला गेलो तर तिनं दार उघडलं, हाताला पीठ. गुलाबीसर पीठ. कसलं पीठ गुलाबी असतं कोण जाणे, या डाल्मेशियाकडच्या लोकांचं सगळंच निराळं. मी दगड दाखवला. तिनं तो दिव्याखाली धरला, उलटासुलटा केला आणि म्हणाली, "बरा आहे." बरा! वीस वर्षं चाकावर ओपल घासून विकते आणि म्हणे बरा! तिला हेवा वाटला असणार. पण डोळे असे चमकत होते की मला वाटलं आता मलाच मिठी मारते. पिठाचं काही मला वाढलं नाही मात्र.

२१ सप्टेंबर, मंगळवार

आणखी एक! आणि पहिल्यापेक्षा मोठा. गंमत म्हणजे हा काळसर आहे आणि पहिला दुधाळ होता. एकाच भिंतीत दोन जाती! मी क्लबात जाऊन सगळ्यांसमोर विषय मांडला: इथं पूर्वी समुद्र होता. समुद्राला प्रवाह असतात. दोन प्रवाह माझ्या कोठीघरात येऊन भेटले. मी समुद्राखाली उमेदीची वर्षं काढली आहेत, मला कुणी शिकवू नये. भिंतीत दगडाभोवती मातीही जरा ओलसर होती, म्हणजे समुद्राचा अंश अजून शिल्लक आहे.

क्लॅरीनं दगड घेतला आणि आमच्याकडच्या रीतीप्रमाणे जिभेनं चाटला. ओला केला की रंग उघडतो. पण क्लॅरी नुसता रंग बघत नाही, चव घेतो.

"हा तुझ्या टेकडीचा नाही," तो ओरडला. "हा उत्तरेकडच्या खाणीचा आहे. तिथल्या मातीची चव खारट."

"समुद्र आहे क्लॅरी! खारटच लागणार!"

सगळे हसले आणि क्लॅरी चिडून निघून गेला. वय झालं की माणसाची जीभ बिघडते.

२२ सप्टेंबर

गुडघा सुजला. तरी खणलं. काही नाही. झोर्का म्हणाली, "अरे, दुपारी जरा क्लबात बसत जा, भिंतीलाही उसंत दे." बाईमाणसाला कधीकधी बरोबर सुचतं.

२९ सप्टेंबर, बुधवार

परवा एक छोटा मिळाला, ठिणगीएवढा. एबरहार्ट येऊन गेला. खोली कधी पुरी होणार विचारत होता. मी म्हटलं खोली पुरी होईल, पण तिच्यात राहायचं कुणी ते बघावं लागेल. त्याला विनोद कळला नाही.

संध्याकाळी झोर्काकडे कॉफी. तिच्या चाकाजवळ बसतो मी नेहमी. दगड खिळ्याच्या डोक्यावर लाल लाखेनं चिकटवते आणि मग चाकावर धरते. ती लाख तापवल्याचा वास मला आवडतो, हे तिला सांगायची गरज नाही. आज चाक झाकून ठेवलं होतं. म्हटलं, आळशी झालीस. म्हणाली, "घासायला काही नाही सध्या."

इतिहासाचं काय झालं विचारलं. मी क्लॅरीची गोष्ट सांगितली, शेवटची बादली वगैरे. ती ऐकून घेते आणि म्हणते, "तो दगड ॲग्नेसनं टाकला होता."

ॲग्नेस टली. पहिल्या तांड्याची स्वयंपाकीण. नवरा युद्धात गेलेला, मागं कुणी नाही. शेवटच्या आजारपणात झोर्कानं तिचं सगळं केलं, तेव्हा म्हातारीनं सांगितलं म्हणे. सगळे निघाले. जो तो आपल्या घरी जाणार होता. हिला घरच नव्हतं, हे माणसांचं टोळकं तेवढं होतं. युद्धाआधी नवऱ्यानं दुसऱ्या खाणीवरून पाठवलेला एक दगड ट्रंकेत होता. तो खड्ड्यातल्या बादलीत टाकला आणि चुलीपाशी जाऊन बसली.

"काहीतरीच!" मी म्हटलं. "हातचा ओपल कुणी मातीत टाकतं?"

"टाकला तिनं."

"डोकं फिरलं असेल. आणि त्यांना 'जाऊ नका' म्हणायला काय झालं होतं? तोंड होतं ना?"

झोर्का कॉफीच्या गाळाकडे बघत म्हणाली, "नुसतं म्हटलं म्हणून थांबता होय, तुम्ही पुरुष?"

विषय बदलावा म्हणून मी जुन्या दगडांचं काढलं. माझ्याकडे कालोतिनाचा आहे. इथं आल्यावर पहिल्याच वर्षी मिळालेला. तिच्या अंगठीसाठी ठेवला होता, अंगठी व्हायच्या आत ती गेली. तेव्हापासून देवाच्या तसबिरीशेजारी पाण्याच्या बाटलीत आहे. झोर्काकडे तिच्या नवऱ्याचा, फ्रानेचा, शेवटचा दगड आहे. ती म्हणाली, "एकदा चाकावर धरला होता. एक बाजू घासली आणि पुढं हात चालेना. तसाच ठेवलाय."

ॲग्नेसची गोष्ट भाषणात घेणार नाही. भाषण गंभीर आहे.

८ ऑक्टोबर, शुक्रवार

आठवडाभर काही नाही. नुसती माती. लिहायलाही हात होत नव्हता. आज क्लबात सगळ्यांदेखत सांगून टाकलं की सोमवारी जर्मनाला सही देतो. घरी आल्यावर झोर्काला भिंतीतून हाक मारली आणि तिलाही सांगितलं.

"बरं," ती म्हणाली. एवढंच.

खरं लिहितो. मला जायचं नाही. मला त्या खिडकीची भीती वाटते. सकाळी उठून मी तिच्यातून काय बघू? गवत? आणि भिंतीपलीकडे कोण असणार तिथं, जावई? तो घोरतो. पण भिंतीनंच पाठ फिरवल्यावर मी कुणाला काय सांगू, की मी का थांबतोय?

९ ऑक्टोबर, शनिवार

आगियाऽऽ पानागियाऽऽ! देवाच्या आई!

अक्रोडाएवढा! नाही, मोठा! लाल! आत लाल, त्याच्या आत केशरी, वळवला की हिरवी लाट! भिंतीतून निघाला तेव्हा मी खाली बसलो, मग उभा राहिलो, मग परत बसलो. मग ओरडलो. झोर्का धावत आली, जणू दारातच उभी होती. मी तिला कंबरेला धरून उचललं आणि गोल फिरवलं. त्रेसष्टाव्या वर्षी! गुडघा कडकन वाजला आणि आम्ही दोघं मातीच्या ढिगावर पडलो आणि हसत सुटलो. तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं इतकं हसली. बराच वेळ थांबेचना. मी म्हटलं, "अगं बास, लोक काय म्हणतील." तर आणखी पाणी.

"आता सही?" तिनं डोळे पुसत विचारलं.

"सही गेली खड्ड्यात! अशी ओपलची शीर लागल्यावर कोण जातंय?"

दगड धुतलेला नाही. मागच्या अंगाची माती तशीच ठेवली आहे. सोहळ्याला सेव्हास्ती येईल तेव्हा तिच्यासमोर धुवायचा, म्हणजे तिला कळेल की बापानं बाजारातून आणला नाही.

१४ ऑक्टोबर, गुरुवार

हाँगकाँगचा व्यापारी आला होता. गावभर टेबलं मांडून दगड दाखवणं झालं. झोर्काचं टेबल रिकामं! वर्षभराचा माल कुठं गेला विचारलं तर म्हणते, "ठेवलाय एका ठिकाणी, भाव वाढेल." व्यापार तिला कधी कळलाच नाही. मी तिला समजावून सांगितलं की माल दाबून ठेवणं धोक्याचं असतं. तिनं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तुझं खरं आहे."

मी माझे दगड व्यापाऱ्याला दाखवले नाहीत. शीर अजून संपलेली नाही.

२२ ऑक्टोबर, शुक्रवार

सेव्हास्ती सकाळच्या बसनं आली. आल्या आल्या खोली बघितली, गुडघा बघितला, मग म्हणाली, "दाखव." मी टेबलावर पाण्याचं भांडं ठेवलं, हात धुतले, आणि बाप्तिस्म्याला पाद्री बाळाला बुडवतो तसा दगड पाण्यात घातला. अंगठ्यानं माती चोळली. गुलाबी माती सुटली.

एक बाजू सपाट. गुळगुळीत. आणि तिच्या कडेला, चिरेत, लाल काहीतरी.

"बाबा, हे लाल काय आहे?"

मी नखानं खरवडलं. नखात मऊ आलं. नाकाशी नेलं.

"लोखंड," मी म्हटलं. "जमिनीत लोखंड असतं."

ती माझ्याकडे बघत राहिली. मी म्हटलं जरा जाऊन येतो, आणि कोठीघरात जाऊन बसलो.

समुद्रानं काहीही केलं असेल, पण दगडाला लाख लावली नसणार.

पहिल्यांदा राग आला. मला, तीस वर्षांच्या खाणकऱ्याला, शेंडी लावली! क्लबात मी दोन प्रवाहांवर भाषण ठोकलं! क्लॅरी चाटून सांगत होता आणि मी त्याला हसलो! मग ते गुलाबी पीठ आठवलं. रिकामं टेबल आठवलं. झाकलेलं चाक आठवलं. दुपारी क्लबात जातोस ना, जातोस ना. मी एकेक आठवत गेलो आणि एकेक आठवलं तसा राग कुठं जाऊन बसला कळेना, आणि मी हसायला लागलो. तोंडावर रुमाल धरून हसलो, कारण भिंतीपलीकडे ऐकू गेलं असतं.

सगळ्यात शेवटी कळलं की एकच बाजू घासलेला हा फ्रानेचा दगड आहे. मग हसू थांबलं. तिनं मला फ्राने दिला. आणि मी तिला सांगितलं की माल दाबून ठेवू नये. मी गाढव आहे.

२३ ऑक्टोबर, शनिवार. सोहळा

हॉल गच्च भरला होता. दारावर नेहमीची पाटी, सुरुंगाची दारू बाहेर ठेवावी. सेव्हास्ती पहिल्या रांगेत, झोर्का शेवटच्या, पिशवी मांडीवर घेऊन.

मी शिपायांचं सांगितलं, उंटांचं सांगितलं, जे शहाणे इथं मुक्काम करत नसत त्यांचं सांगितलं. मग शेवटच्या बादलीशी आलो आणि हातातले कागद खिशात घातले. ॲग्नेसची गोष्ट सांगितली. तिच्या ट्रंकेतल्या दगडासकट.

हॉलमध्ये कल्लोळ. क्लॅरीच्या नातीनं सगळं त्याच्या कानात ओरडून सांगितलं आणि तो काठी आपटत उठला.

"म्हणजे आमचा दगड खोटा?"

"दगड खरा होता, क्लॅरी! जमिनीतून आला नव्हता एवढंच! एका बाईच्या ट्रंकेतून आला होता, आणि त्याच्यावर हे सगळं गाव उभं आहे. मला वाटायचं, हातचा ओपल मातीत टाकणारी बाई वेडी असणार. मला वाटायचं, थांबा म्हणायला तोंड नव्हतं का. आता मला वाटतं, आपण खाणकरी लोक. आपल्याला तोंडानं सांगून कळत नाही. भिंतीत दिसावं लागतं."

लोकांनी टाळ्या वाजवल्या, शिट्ट्या मारल्या, कुणीतरी "ॲग्नेसच्या नावानं!" म्हणून पेला उंचावला. क्लॅरी आधी फुरफुरला, मग म्हणाला, "तरी अंड्याएवढाच होता," आणि बसला. मी शेवटच्या रांगेकडे बघितलं. तिथं पिशवी होती, बाई नव्हती.

२४ ऑक्टोबर, रविवार

सेव्हास्तीला बसवर सोडलं.

"तू येत नाहीयेस," ती म्हणाली.

"शीर लागलीये, सेव्हास्ती. अर्धवट सोडून..."

"बाबा. मी खाणीतली पोर आहे. मला लाख कळते."

ती थोडी रडली, मग मला हसताना बघून तीही हसली आणि माझा कान पिळला, तिच्या लहानपणी मी तिचा पिळायचो तसा. खिडकीच्या खोलीत आता ती शिवणाचं मशीन ठेवणार. "पण रोज सकाळी खोकायचं," ती बजावून म्हणाली. "भिंतीकडे तोंड करून. मोठ्यानं."

जर्मनाला नाही म्हणून कळवलं. तो म्हणाला, या गावातल्या लोकांशी व्यवहार करणं अशक्य आहे. मी म्हटलं, पन्नास वर्षांत आजवर कुणालाच जमलेलं नाही.

झोर्का दिसली नाही. पिशवी तिच्या दाराला अडकवून आलो.

२६ ऑक्टोबर, मंगळवार

अजून आलेली नाही. सारमा नाही, शिवी नाही. पण तिच्या बाजूनं टिकावाचा आवाज येतोय. क्लॅरी म्हणाला, लोणच्याच्या बरण्यांना कपाट खणतेय भिंतीत.

आज टपालाचा दिवस. ती पोस्टात रांगेत उभी राहिलेली बघितली आणि तिच्या घरात गेलो. इथं दारांना कुलपं नसतात, हे तिला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. कपाट हातभर खोल झालं होतं. मागच्या अंगाला मी भोक पाडलं. फ्रानेचा दगड ठेवला. मग खिशातली बाटली काढली, पाणी ओतून टाकलं आणि कालोतिनाचा दगड त्याच्या शेजारी ठेवला. माफ कर म्हटलं तिला. वाटलं, ती म्हणेल की हे तू केव्हाच करायला हवं होतंस, मूर्खा. चुरा पाण्यात कालवून वरून लिंपलं. हाताला गुलाबी पीठ लागलं.

२७ ऑक्टोबर, बुधवार

दुपारी क्लबात गेलो नाही. कोठीघरात स्टूल टाकून भिंतीला कान लावून बसलो.

टिकाव सुरू झाला. ठक, ठक. मग थांबला. मग असा आवाज, की ती रडतेय की हसतेय ते टेकडीतून नीट कळेना. मी भिंतीकडे तोंड केलं आणि खोकलो. मोठ्यानं.

पलीकडे टिकाव खाली ठेवल्याचा आवाज झाला. मग झोर्काचा आवाज आला, जाडजूड, मातीतून गाळून आल्यासारखा.

"थेमेलिस! माझ्या भिंतीत रंग लागलाय!"

"मग काय करतेस?"

"काय करणार? रंग सोडून कुणी जातं का?"

आणि टिकाव पुन्हा सुरू झाला. आता जोरात, आणि सरळ माझ्या दिशेनं. लोणच्याच्या बरण्यांना एवढं खोल कपाट लागत नाही. मी माझा टिकाव उचलला.